92 म्हणजे अर्धी वाट

‘ओल्ड स्कूल रुनस्केप’ या ऑनलाइन खेळात मासेमारीच्या कौशल्याची सर्वांत वरची पातळी 99. तिथे पोचायला 1,30,34,431 अनुभवगुण लागतात. एखादा खेळाडू 92 व्या पातळीवर आला की घरात जाहीर करतो, आता सातच राहिल्या. त्या वेळी त्याच्या खात्यावर 65,17,253 गुण असतात, म्हणजे जवळजवळ नेमके निम्मे. पहिल्या एक्क्याण्णव पायऱ्या चढायला जेवढा घाम गाळला तेवढाच शेवटच्या सातांसाठी गाळायचा आहे. घातांक शिकवताना मी बुद्धिबळाच्या पटावरच्या तांदळाच्या दाण्यांची गोष्ट वर्षानुवर्षं सांगत आले. मुलं ऐकायची आणि परीक्षा झाली की विसरायची. 92 आणि 99 चं गणित ज्याने स्वतःच्या बोटांनी सोसलंय, तो ते विसरत नाही.

मला ते समजावून सांगितलं या पुस्तकाच्या लेखकाने. हा रत्नागिरीजवळच्या भाट्याचा, माझा जुना विद्यार्थी. ‘बाई, पुस्तक खेळावर आहे, पण आत सगळे आकडेच आहेत, म्हणून प्रस्तावना तुम्हीच लिहा,’ असं म्हणून त्याने हस्तलिखित टेबलावर ठेवलं. खेळाची मला ओ की ठो माहिती नव्हती. पण आकडे म्हटल्यावर चष्मा शोधला. वाचत गेले तसं लक्षात आलं, की या मुलाने एक चांगला प्रश्न पकडलाय आणि तो त्याच्या स्वतःच्याही पुरता ध्यानात आलेला नाही. खेळातल्या पात्राची प्रगती खेळ मोजतो. मग खेळणाऱ्याची कोण मोजतं?

ज्यांनी असले खेळ पाहिलेले नाहीत त्यांच्यासाठी आधी थोडं सांगायला हवं. रुनस्केप हा केंब्रिजच्या अँड्र्यू गावर आणि त्याच्या भावंडांनी उभा केलेला खेळ, जानेवारी 2001 मध्ये सुरू झालेला. पुढे तो इतका बदलला की जुने खेळाडू हळहळू लागले. मग खेळ चालवणाऱ्या कंपनीने त्यांचं मत घेतलं आणि ऑगस्ट 2007 ची जपून ठेवलेली प्रत काढून फेब्रुवारी 2013 मध्ये ‘ओल्ड स्कूल’ नावाने पुन्हा चालू केली. 2018 च्या ऑक्टोबरात तो मोबाइलवर आला. आपल्याकडच्या मुलांच्या हाती तो पोचण्याची वाट तीच. खेळात तुम्ही एक पात्र घेता आणि त्याला लाकूडतोड, मासेमारी, स्वयंपाक, लोहारकाम, शेती, तलवारबाजी असली कामं करायला लावता. प्रत्येक कृतीला ठरलेले अनुभवगुण मिळतात. मुलांच्या तोंडी ते ‘एक्सपी’. एक कोळंबी पकडली की 10, शेवंड मिळाली की 90, शार्क सापडला की 110. गुण साचले की पातळी वाढते आणि पातळी वाढली की नवं काही करता येतं. मासेमारीत शेवंड 40 व्या पातळीला खुली होते, शार्क 76 व्या. नऊ कोळंब्या पकडल्या की दुसरी पातळी, कारण तिला अवघे 83 गुण पुरतात. 98 वरून 99 वर जायला मात्र 12,28,825 लागतात.

म्हणजे ‘एक लेव्हल वाढली’ या वाक्याला तसा काही अर्थ नाही. ज्या मापाचा एक एकक 83 पासून सव्वाबारा लाखांपर्यंत कितीही असू शकतो, त्या मापाने प्रगती मोजणं कापडवाल्याच्या फायद्याचं. या पुस्तकातला पहिला धडा हाच आहे: खेळताना ठेवाल त्या वहीत पातळी लिहू नका, गुण लिहा. सूत्र लेखकाने परिशिष्टात दिलंय. त्याचा मथितार्थ असा, की वरच्या भागात प्रत्येक पायरी आधीच्या पायरीपेक्षा साधारण 10.4 टक्क्यांनी महाग होते आणि सात पायऱ्यांत किंमत दुप्पट. बँकेत मुदतठेव ठेवणाऱ्या वाचकांना 72 चा नियम आठवेल. 72 ला व्याजदराने भागलं की रक्कम दुप्पट व्हायला लागणारी वर्षं मिळतात. 72 भागिले 10.4, जवळजवळ सात. रुनस्केपच्या निर्मात्यांनी चक्रवाढ व्याज लावलंय, फक्त ते खेळाडूच्या विरुद्ध बाजूने फिरतं. 50 वी पातळी निम्म्यावर आहे असं भोळेपणाने वाटतं. तिला 1,01,333 गुण लागतात, म्हणजे 99 च्या वाटेवर शंभरात एकसुद्धा नाही. 70 वी पातळी, जिथे बरीच दारं उघडतात, 7,37,627 गुणांना पडते. तीही एकूण वाटेच्या सहा टक्क्यांच्या आतच.

ही कल्पना रुनस्केपची नव्हे. 1974 मध्ये गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह अर्नेसन यांनी ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ हा कागद, पेन्सिल आणि फाशांवर चालणारा खेळ छापला. त्यात योद्ध्याला दुसऱ्या पातळीला 2,000 गुण लागायचे, तिसऱ्याला 4,000, चौथ्याला 8,000. दुप्पट करत जाण्याची खोड तिथपासूनची. गंमत म्हणजे त्या मूळ खेळात राक्षस मारण्यापेक्षा खजिना बाहेर आणण्याने जास्त गुण मिळत: सोन्याच्या एका नाण्याला एक गुण. अनुभव म्हणजे आणलेलं सोनं, असा तो रोखठोक व्यवहार. 1978 मध्ये इंग्लंडच्या एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल यांनी ‘मड’ नावाचा केवळ मजकुरावर चालणारा, अनेकांनी एकत्र खेळायचा खेळ लिहिला आणि त्यातही ही वही संगणकाकडे होती. कागदावरच्या खेळात गुण खेळाडू स्वतः लिहीत असे, खोडत असे, चुकत असे. संगणकावर ते काम यंत्राचं झालं आणि खेळाडूच्या हाताची पेन्सिल सुटली. या पुस्तकाचा खटाटोप ती पेन्सिल परत हातात देण्याचा आहे.

यंत्राने वही चालवायला घेतल्यावर प्रत्येक खेळाने स्वतःची नीती त्या वहीत घातली. 1997 च्या ‘अल्टिमा ऑनलाइन’मध्ये जे काम कराल ते कौशल्य वाढायचं, पण सगळ्या कौशल्यांची मिळून 700 ची मर्यादा होती. ती भरली की एक चढवायचं तर दुसरं उतरवावं लागे. 1999 च्या ‘एव्हरक्वेस्ट’मध्ये पात्र मेलं की अनुभव वजा होई, कधी पातळीच खाली येई. रुनस्केपमध्ये मेल्यावर सामान जाऊ शकतं, कमावलेला अनुभव मात्र कधीच घटत नाही. मला विचाराल तर अल्टिमाची रीत माणसाच्या सगळ्यांत जवळची वाटते. मी स्वतः पेटी शिकत होते तेव्हा संस्कृत विसरले.

सगळ्यांत धूर्त प्रकार 2004 च्या ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’चा. खेळ चाचणीच्या अवस्थेत असताना निर्मात्यांनी असं ठेवलं होतं, की बराच वेळ सलग खेळलं की मिळणारे गुण कमी होतील. हेतू हा, की माणसाने उठावं, जेवावं. खेळाडू भडकले. मग त्यांनी नावं फिरवली. पूर्वीचा कमी दर ‘नेहमीचा’ ठरला आणि पूर्वीचा नेहमीचा दर ‘विश्रांतीचा दुप्पट’ ठरला. सराईत जाऊन खेळ बंद करा, परत याल तेव्हा काही काळ दुप्पट गुण. तेच गणित पाहून तेच लोक खूश झाले. शिक्षकांच्या प्रशिक्षणात मी असली गोष्ट सांगितली असती तर टाळ्या पडल्या असत्या.

मराठी घराला पायऱ्या-पायऱ्यांनी मोजण्याचं वावडं कधीच नव्हतं. विष्णु दिगंबर पलुस्करांनी 1901 मध्ये लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढलं. त्या परंपरेतल्या गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या परीक्षा आज गावोगाव होतात: प्रारंभिक, प्रवेशिका प्रथम, प्रवेशिका पूर्ण, मध्यमा, विशारद, अलंकार. लग्नाच्या बोलणीत ‘मुलगी मध्यमा झालीय’ हे वाक्य ऐकलेल्या पिढीतली मी. चित्रकलेच्या एलिमेंटरी आणि इंटरमीजिएट आहेतच. टायपिंगचं तर मिनिटाला 30 शब्द आणि 40 शब्द असं उघडं माप. किती महिने क्लासला गेलात हे त्यात कोणी विचारत नाही. या परीक्षांत आणि रुनस्केपच्या पातळीत एक मोठा फरक आहे आणि लेखक तो नीट ओळखतो. विशारदचा परीक्षक समोर बसून गा म्हणतो. तिथे आजवर किती तास तानपुऱ्याशी बसलात याचे गुण नसतात, या घडीला गळ्यातून काय निघतं त्याचे असतात. रुनस्केप परीक्षा घेतच नाही. तो हजेरी मांडतो. एक कोटी तीस लाखांची हजेरी भरली की प्रमाणपत्र हातात.

हजेरीला मी हसत नाही. पस्तीस जणांचा वर्ग वर्षभर सांभाळलेल्या माणसाला ठाऊक असतं, की रोज येऊन बसणारं पोरच बहुतेक वेळा तरतं. पण हजेरी कोणाची लागते, ते पाहायला हवं. स्वयंपाकाच्या कौशल्यात 40 व्या पातळीला शेवंड शिजवता येते, पण बऱ्याचदा करपते. पातळी वाढत जाते तसं करपण्याचं प्रमाण कमी होतं आणि विशेष हातमोजे नसले तरी 74 व्या पातळीनंतर शेवंड करपतच नाही. म्हणजे पातळी हा संभाव्यतेचा आकडा. खेळाचं घड्याळ 0.6 सेकंदाच्या ठोक्यांवर चालतं, प्रयत्नागणिक आत नशिबाचा फासा पडतो आणि तो फासा तुमच्या बाजूने किती झुकवायचा हे पातळी ठरवते. त्यात खेळणाऱ्याचा हात कुठेच सुधारलेला नाही. तो 40 ला जसा टिचकी मारत होता तसाच 74 ला मारतो. सुगरण झालं ते पात्र.

भाट्यात राहून हे लिहिणाऱ्याला फरक जास्तच टोचला असणार. रत्नागिरी शहर सोडून पुलावरून काजळी नदीची खाडी ओलांडली की समुद्राच्या अंगाला सुरूचं बन, पुढे झरी विनायक आणि रस्ता तसाच पावसकडे जातो. खाडीपलीकडे राजिवड्याच्या होड्या. ओहोटीला कालवं आणि मुळे काढायला बायका खडकांत उतरतात. होडीवर खलाशी म्हणून चढलेला पोरगा तांडेल कधी होतो, याचा तक्ता कुठेही छापलेला नाही. किती मासळी ओढली यावर तर ते मुळीच ठरत नाही. पाण्याचा रंग बघून जाळं कुठे सोडायचं हे तो सांगू लागला आणि दोन-चारदा ते खरं निघालं, की बाकीचे त्याच्याकडे बघू लागतात. त्यात आपल्याकडे 1 जून ते 31 जुलै यांत्रिक मासेमारी बंद. खेळातल्या मासेमारीच्या जागा थोड्या थोड्या वेळाने सरकतात, एवढंच. पावसाळा तिथे नाही, की डिझेलचा भावही नाही.

माडाचं प्रकरण तर लेखकाने एक अख्खं उपप्रकरण करून लिहिलंय आणि पुस्तकातला तो भाग मला सगळ्यांत आवडला. शेतीच्या कौशल्यात 68 व्या पातळीला माड लावता येतो. लावल्यापासून 16 तासांत तो पूर्ण वाढतो. मग त्याची ‘तब्येत तपासायची’; त्या एका टिचकीला दहा हजारांहून थोडे जास्त गुण मिळतात, लावल्याचे मात्र शे-सव्वाशे. झाडावर एका वेळी सहा नारळ धरतात. हे वाचताना मला हसू आलं, कारण ज्या गावात बसून तो हे खेळतो त्याच गावात दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाचं प्रादेशिक नारळ संशोधन केंद्र 1955 पासून उभं आहे. ‘प्रताप’ ही जात 1987 मध्ये याच केंद्रातून बाहेर पडली. ‘कोकण भाट्ये कोकोनट हायब्रीड 1’ या संकरित जातीच्या तर नावातच गाव आहे. माडाखाली जायफळ, दालचिनी, काळीमिरी लावून उत्पन्न वाढवायची ‘लाखी बाग’ बघायला शेतकरी लांबून येतात.

नारळावरचं संशोधन म्हणजे शेवटी वहीच. बाणवलीसारखा उंच माड सहा-सात वर्षांनी धरू लागतो, ठेंगू जाती तीन-चार वर्षांनी. रोपासाठी नारळ कुठल्या झाडाचा घ्यायचा हे ठरवायला मातृवृक्ष निवडतात. तो वीस वर्षांहून जुना हवा, वर्षाला ऐंशी-शंभर नारळ देणारा हवा, त्याच्या शेंड्यावर तीसच्या वर झावळ्या हव्यात. एका वर्षाच्या भरघोस पिकावर भुलून चालत नाही. झाड एक वर्ष ओतून देतं आणि पुढच्या वर्षी हात आखडतं, म्हणून सलग काही वर्षांच्या नोंदी लागतात. रोपवाटिकेतही नऊ ते बारा महिन्यांचं रोप, बुंध्याचा घेर दहा सेंटिमीटर, निदान सहा पानं, अशी चाळणी लावतात; बाकीची रोपं काढून टाकतात. खेळातली वही केलेलं काम मोजते आणि केंद्रातली वही झाडाने दिलेलं पीक. लेखकाने आपल्या पद्धतीत ही दुसरी तऱ्हा उचलली आहे. कळत की नकळत, मी विचारलं नाही.

पद्धत अशी. दर बैठकीला एक ओळ लिहायची. तारीख, कौशल्य, सुरुवातीचे गुण, शेवटचे गुण, गेलेली मिनिटं, वापरलेली रीत, शेरा. मिनिटं मोजायची ती बसल्यापासून उठेपर्यंत. खेळ उघडायला लागलेला वेळ, सामान पेढीत ठेवायला गेलेली फेरी, ओळखीच्याशी मारलेल्या गप्पा, सगळं धरून. इथेच बहुतेकांचे हिशेब बुडतात. खेळाच्या मार्गदर्शिकांत अमुक रीतीने ताशी एवढे गुण असे दर छापलेले असतात. ते एकही टिचकी न चुकवणाऱ्या माणसाचे दर. मधे आईने नारळ खवायला हाक मारली, वीज गेली, नेट तुटलं, हे मार्गदर्शिकेत नसतं, पण शेऱ्याच्या रकान्यात असतं. समजा शार्क पकडून 76 वरून 99 गाठायचंय. मधे 1,16,97,988 गुण आहेत. शार्कला 110 धरले तर सुमारे 1,06,000 शार्क. ताशी 40,000 चा दर खरा मानला तर 292 तास, रोज एक तास दिला तर साडेनऊ महिने. स्वतःचा खरा दर निम्मा निघाला, तर दीड वर्षाहून जास्त. हा आकडा पहिल्या दिवशी समोर असला तर किती जण त्या वाटेला लागतील? काही लागतीलही. पण डोळे उघडे ठेवून.

इथे सुरुवातीचा प्रश्न येतो, खेळणाऱ्याची प्रगती कोण मोजतं? पात्राचे गुण खेळ ठेवतोच, ते वहीत उतरवण्यात फारसा अर्थ नाही. गुण भागिले मिनिटं हा आकडा मात्र खेळ ठेवत नाही आणि त्यात खेळणारा दिसतो. एकाच पातळीवर, एकाच रीतीने, महिन्याभरात दर वाढला तर वाढ पात्राची नव्हे, तुमची. कुठे उभं राहिलं की कमी चालावं लागतं, कुठली टिचकी आधी मारून ठेवता येते, हे तुमच्या अंगात भिनलं. दर पडला तर तेही तुमचंच. लेखकाच्या स्वतःच्या वहीतली काही पानं पुस्तकात जशीच्या तशी छापली आहेत. त्यात रात्री उशिराच्या बैठकींचे दर घसरलेले दिसतात आणि शेजारी शेरा असतो, ‘झोप येत होती, उगाच बसलो’. असं वाक्य खेळाने कधी लिहून दाखवलं नसतं. खेळाच्या दृष्टीने ती रात्रही जमेचीच.

त्याने एक रकाना मुद्दाम वगळलाय, तो म्हणजे जगभरातल्या खेळाडूंच्या क्रमवारीतलं आपलं स्थान. त्याचं म्हणणं, ते बघायला लागलं की हिशेब सुटतो आणि हेवा सुरू होतो. मी याच्याशी अर्धीच सहमत आहे. तुलनेशिवाय मोजमाप आंधळं राहतं. बुद्धिबळाचं मानांकन बघा. आर्पाड एलो या भौतिकशास्त्राच्या प्राध्यापकाची पद्धत जागतिक बुद्धिबळ महासंघाने 1970 मध्ये स्वीकारली. ती तुम्ही किती डाव खेळलात हे विचारत नाही. कोणाशी खेळलात, अपेक्षा काय होती आणि निकाल काय लागला, एवढंच बघते. नाशिकच्या विदित गुजराथीने 2017 मध्ये 2700 ओलांडले तेव्हा ते आकडे जमा होऊन साठलेले नव्हते. उद्या हरला तर खाली येणारे होते. घसरू शकणाऱ्या आकड्याला वेगळंच वजन असतं. एव्हरक्वेस्टच्या लोकांना ते कळलं होतं. खेळाडूंना आवडलं नाही, हे निराळं.

आणि पायऱ्या गाळून वर जाणं? तेही बुद्धिबळात आणि रुनस्केपमध्ये, दोन्हीकडे आहे. नागपूरच्या दिव्या देशमुखने जुलै 2025 मध्ये बाटुमीला महिला विश्वचषक जिंकला आणि त्या एका विजयाने ती ग्रँडमास्टर झाली. एरवी त्या किताबाला तीन नॉर्म, म्हणजे स्पर्धांतली ठरलेल्या दर्जाची कामगिरी, आणि 2500 चं मानांकन लागतं. तिच्याकडे तोवर एकही नॉर्म नव्हता. रुनस्केपमध्ये ‘वॉटरफॉल क्वेस्ट’ नावाची मोहीम आहे. ती नवख्यालाही पुरी करता येते आणि बक्षीस म्हणून हल्ला व ताकद या दोन कौशल्यांत प्रत्येकी 13,750 गुण मिळतात. तिसाव्या पातळीला 13,363 लागतात, म्हणजे पहिल्या पायरीवरचा माणूस एका दमात तिसाव्या. दिव्याच्या उडीमागे लहानपणापासूनचे हजारो डाव होते आणि मोहिमेमागे बहुधा दुसऱ्या कोणी लिहून ठेवलेली वाट असते, हा फरक विसरू नये. तरी नव्या खेळाडूला लेखक देतो तो सल्ला बरोबर आहे: आधी मोहिमा उरका, कोंबड्या मारत बसू नका.

पालकांसाठी दोन शब्द. ऑगस्ट 2025 मध्ये संसदेने ऑनलाइन खेळांचा कायदा केला. त्याने पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी आणली आणि ई-स्पोर्ट्सना मान्यता दिली. अनुभव साठवायचे हे खेळ पैसे लावायच्या खेळांत बसत नाहीत. इथे जिंकून रोख मिळत नाही आणि तयार खाती विकत घेणं कंपनीच्या नियमांत बसत नाही. पण खर्च नाही असंही नाही. शार्क, माड आणि बरंच काही सभासदांनाच मिळतं आणि त्याला वर्गणी पडते. लेखकाने वहीच्या मागच्या पानावर ती वर्गणी तासांनी भागून दाखवली आहे. मुलाच्या हातून फोन हिसकावण्याआधी त्याच्याकडून हे एक पान भरून घ्यावं, असं मी सुचवेन. गणिताचा तास झाला तर झाला.

वेळेच्या प्रश्नावर पुस्तक थोडं कमी बोलतं, अशी माझी तक्रार आहे. 99 नंतरही गुण मोजले जातात, थेट 20 कोटींपर्यंत. त्या वाटेवर पात्राला नवं काही मिळत नाही. 99 ची वाट पंधरापट चालायची, तीही फक्त आकड्यासाठी. असं करणारे आहेत आणि लेखकाला त्यांचं कौतुक वाटतं. मला ती माणसं चिकाटीची वाटतात, शहाणी वाटत नाहीत. यावर आमचा वाद झाला. त्याने माझ्या घरातल्या रामनामाच्या वह्यांकडे बोट दाखवलं आणि मी विषय बदलला. ते प्रकरण त्याने होतं तसंच ठेवलंय. वाचकांनी आपापल्या परीने त्याच्याशी भांडावं.

कुठे थांबायचं याचा विचार मात्र त्याने चांगला केलाय. प्रत्येक कौशल्याच्या सुरुवातीला तीन ओळींची जागा आहे: हे कौशल्य कशासाठी हवं, त्याला कितवी पातळी पुरते, तिथे पोचल्यावर काय करणार. या तीन ओळी भरल्याशिवाय पुढचे रकाने भरू नयेत असं त्याने बजावलंय. पुष्कळ ठिकाणी उत्तर 70 च्या आसपास येतं. म्हणजे 99 च्या वाटेवरचे चौऱ्याण्णव टक्के चालायची गरजच उरत नाही. एवढी काटकसर शिकवणारं दुसरं पुस्तक निदान माझ्या कपाटात नाही.

पुस्तक वापरताना काही गोष्टी लक्षात ठेवाव्या लागतील. पातळ्यांचा तक्ता पक्का आहे, तो बदलायचा नाही. दर मात्र कच्चे आहेत. खेळात सुधारणा झाली की एखादी रीत रातोरात महागते किंवा स्वस्त होते. म्हणून दरांचे रकाने रिकामे छापले आहेत, ते स्वतःच्या बैठकींवरून भरायचे, आणि पेन्सिलने. पहिल्या पाच-सहा बैठकींच्या सरासरीवर विसंबू नये. नवेपणाच्या चुका त्यात असतात आणि नवेपणाचा हुरूपही. शेऱ्याचा रकाना अरुंद झालाय, ती छपाईची अडचण. पुढच्या आवृत्तीत तो रुंद करायचं ठरलंय.

शेवटचं प्रकरण नौकानयनाचं. 2023 मध्ये खेळाडूंचं मत घेऊन हे कौशल्य निवडलं गेलं आणि 2025 च्या नोव्हेंबरात ते खेळात आलं. ओल्ड स्कूलमधलं हे पहिलंच सर्वस्वी नवं कौशल्य. त्याने कौशल्यांची संख्या 24 झाली आणि सगळी पूर्ण केली तर होणारी बेरीज 2277 वरून 2376. ज्यांनी सगळं 99 ला नेऊन हुश्श केलं होतं ते एका दिवसात अपुरे ठरले. लेखकही त्यांतलाच. या प्रकरणात त्याच्या स्वतःच्या वहीतलाही अजून एकही दर नाही, नुसते रकाने आखलेत. पहिली ओळ त्याने माझ्यासमोर भरली. कशासाठी हवं, या प्रश्नापुढे लिहिलं: ‘माहीत नाही, बघू.’ ते खोडायला मी सांगितलं नाही.